दुसरीच्या ओठांवरचा आवाज

ऐंशीच्या दशकात आमच्या चाळीत गणपतीच्या कार्यक्रमात श्रीदेवीची नक्कल हमखास असायची. करणारी मुलगी दरवर्षी वेगळी, पण नक्कल तीच. डोळे मोठे करायचे, मान झटकायची, ओठ किंचित पुढे काढायचे आणि मग एका बारीक, लाडिक, टोकाला जरासा चिरकणाऱ्या आवाजात हिंदी संवाद फेकायचा. टाळ्या पडायच्या त्या आवाजाला. डोळे आणि मान काय, पुढच्या दोन रांगांनाच दिसत. आवाज मात्र कर्ण्यातून थेट कोपऱ्यावरच्या इस्त्रीवाल्यापर्यंत पोचायचा आणि तोही इस्त्री उचलून धरून हसायचा.

ती नक्कल श्रीदेवीची होती ती डोळ्यांपुरती. कानांपुरती ती नाझची होती.

नाझ म्हणजे बेबी नाझ. जुन्या हिंदी चित्रपटांवर पोसलेल्या पिढीला एवढं सांगितलं तरी पुरतं. बाकीच्यांसाठी 'बूट पॉलिश'. साल १९५४, निर्माता राज कपूर, दिग्दर्शक प्रकाश अरोरा. भोला आणि बेलू हे भाऊ-बहीण, मारकुटी काकू त्यांना भीक मागायला पिटाळते आणि दारू विकणारा लंगडा जॉन चाचा त्यांना सांगतो की उपाशी मरा पण हात पसरू नका. जॉन चाचाचं काम डेव्हिडनं केलं. हा डेव्हिड अब्राहम चेऊलकर, आपला कोकणातला बेने इस्रायली. आडनावातच चौल घेऊन फिरणारा. त्या वर्षीचं सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर त्याला मिळालं. भोला झाला होता रतनकुमार, आणि बेलू ही नाझ.

पावसाचे दिवस आहेत, चिखलात कुणी बुटांना पॉलिश करून घेत नाही, पोरं उपाशी आहेत. कुणीतरी जाता जाता एक नाणं फेकतो. भोला ते घेत नाही. बेलू झडप घालून उचलते. भोला तिच्या थोबाडीत मारतो आणि नाणं तिच्या हातून पडतं. आता या प्रसंगात अभिनयाला जागा किती? थप्पड खाणाऱ्या मुलीनं रडायचं, झालं. पण नाझचा चेहरा बघा. थप्पड बसल्यावर ती आधी भावाकडे बघत नाही, पडलेल्या नाण्याकडे बघते. भूक पहिली, अपमान नंतर. हे तिला दिग्दर्शकानं सांगितलं असेल, किंवा नसेलही. दहा वर्षांच्या मुलीला असं काही सांगून करता येतं यावर माझा तरी विश्वास नाही.

१९५५ मध्ये हा चित्रपट कान महोत्सवात गेला आणि परीक्षकांनी नाझचा बालकलाकार म्हणून खास गौरव केला. १९४४ चा जन्म तिचा, सलमा बेग हे खरं नाव, मुंबईची मुलगी. ज्या वयात आपल्याकडच्या मुली चौथीच्या शिष्यवृत्तीची तयारी करतात त्या वयात फ्रान्समधल्या जाणत्या माणसांनी तिची नोंद घेतली. गोष्ट इथे संपली असती तर ती फार छान गोष्ट झाली असती. बालकलाकारांच्या गोष्टी इथे कधी संपत नाहीत, कारण मूल वाढतं.

वाढण्याची चीड प्रेक्षकांना येते. असं कुणी बोलून दाखवत नाही, पण तसंच असतं. आपल्या घरातलं मूल वर्षभरात बोटभर वाढलं की आपण दाराच्या चौकटीवर कौतुकानं खूण करतो. पडद्यावरचं मूल वाढलं की आपल्याला फसवल्यासारखं वाटतं. बिमल रॉय यांच्या 'देवदास'मध्ये (१९५५) नाझ छोटी पारो झाली. गुरुदत्तच्या 'कागज के फूल'मध्ये (१९५९) ती पम्मी, दिग्दर्शक सिन्हाची मुलगी. आई-बापाचं मोडलेलं घर जोडायला निघालेली शाळकरी मुलगी वहिदा रेहमानच्या शांतीकडे जाते आणि तिला बापाच्या आयुष्यातून जायला सांगते. त्या प्रसंगात पम्मी क्रूर वाटायला हवी. वाटत नाही, कारण आवाजात कुठेही आरोप नाही. परीक्षेला बसलेली मुलगी पाठ केलेलं उत्तर म्हणते तशी ती बोलते आणि मधेच उत्तर विसरल्यासारखी थांबते. मला विचाराल तर नाझचं पुढचं सगळं आयुष्य त्या थांबण्यात दिसतं. चेहऱ्याइतकाच तिच्या गळ्यात अभिनय होता. तो तेव्हा कुणाच्या लक्षात आला नाही, कारण गळ्याला चेहरा झाकून टाकतो.

पम्मी केली तेव्हा ती पंधराची. ना फ्रॉकची, ना साडीची. हिंदी चित्रपटाला या वयाचं काय करावं ते कधीच कळलेलं नाही. काही मुली हा पूल पार करून गेल्या. 'बसंत'मधली (१९४२) बेबी मुमताज पुढे मधुबाला झाली. आपली बेबी शकुंतला 'रामशास्त्री'तल्या छोट्या जानकीपासून नायिकेच्या कामांपर्यंत गेली, पण नावामागचं 'बेबी' काही सुटलं नाही. नायकाशी प्रेमाचे प्रसंग करतानाही पाटीवर बेबी शकुंतलाच. मग ती लग्न करून नाडगोंडे घराण्यात गेली आणि चित्रपट मागे राहिला. नाझला मात्र ना तो पूल मिळाला ना ते परतणं. तिनं सुब्बीराज या नटाशी लग्न केलं, आणि मिळतील ती कामं करत राहिली. नायिकेची मैत्रीण, नायकाची बहीण. हिंदी चित्रपटात या दोन जागा म्हणजे लोकलमधली चौथी सीट: बसलोय म्हणायचं, पण अर्धं शरीर बाहेर.

१९७० हे साल मात्र मला सोडवत नाही. त्या सुमाराच्या दोन चित्रपटांत नाझ आहे. दोन्हींत नायक राजेश खन्ना, दोन्ही तुफान चाललेले, दोन्ही टीव्हीवर सतत लागणारे. 'सच्चा झूठा'त ती नायकाची अपंग बहीण. लग्नाच्या बँडवर हटकून वाजणारं ते गाणं आहे ना, भावानं बहिणीच्या लग्नाचं स्वप्न बघणारं, त्यातली ती बहीण. आणि त्या भावाचं नाव भोला, बहिणीचं नाव बेलू. 'बूट पॉलिश'चीच जोडी. सोळा वर्षांनी मनमोहन देसाईंच्या चित्रपटात तिला हाक मारली ती परत बेलू म्हणूनच. हा मानाचा मुजरा होता की चिकटलेल्या ठशाचा सोयीस्कर वापर, ते ज्याचं त्यानं ठरवावं. मला तरी ती हाक ऐकताना कसंसंच होतं. सव्वीस वर्षांच्या बाईनं दहा वर्षांच्या मुलीच्या नावाला ओ द्यायची.

दुसरा 'कटी पतंग'. त्यात नाझ पूनम झाली आहे. नवऱ्यामागे लहान मूल घेऊन सासरी निघालेली विधवा. वाटेत जुनी मैत्रीण भेटते, ती आशा पारेख. रेल्वेला अपघात होतो, आणि मरता मरता पूनम मैत्रिणीकडून वचन घेते की तू माझं नाव घे, माझं मूल घे, माझ्या सासरी जाऊन माझ्या जागी राहा. पुढचा अख्खा चित्रपट पूनम या नावानं दुसरीच बाई जगते. खरी पूनम पहिल्या काही रिळांतच संपलेली. पटकथेच्या दृष्टीनं ते काम म्हणजे एक खुंटी, तिच्यावर गोष्ट टांगायची.

पडद्यावर नाझच्या नावानं दुसरी जगली. पुढच्या दशकात प्रत्यक्षात उलटं झालं. दुसरीच्या नावावर नाझ बोलू लागली.

हे कसं होत असे ते जरा सविस्तर सांगायला हवं, कारण आताच्या पिढीला हे माहीत असायचं कारण नाही. आपले हिंदी चित्रपट तेव्हा जवळजवळ मुके चित्रित होत. नट सेटवर संवाद म्हणत, पण तो आवाज चित्रपटात जात नसे. कॅमेऱ्याची खडखड, जनरेटर, बाहेरच्या चित्रीकरणात बघ्यांचा गलका, सहायक पुढची ओळ ओरडून सांगतोय. त्या आवाजाची कच्ची पट्टी तेवढी ठेवत, तिला पायलट ट्रॅक म्हणत. मग चित्रपटाचे छोटे छोटे तुकडे तोडून प्रत्येकाची दोन टोकं जोडत आणि ते फिरत राहणारं कडं डबिंग थिएटरात प्रोजेक्टरवर चढवत. तो लूप. समोर पडद्यावर तोच चेहरा, तेच वाक्य, संपलं की पुन्हा तेच. खाली अंधारात माइकसमोर उभं राहून नटानं आपल्याच ओठांत आपलाच आवाज परत घालायचा. सेटवर आलेलं रडू महिन्यांनंतर थंड खोलीत, पोट भरलेलं असताना, चप्पल काढून, ओठांच्या मापानं पुन्हा काढायचं. भलेभले नट यात मार खात. 'लगान'नं (२००१) सेटवरचाच आवाज ठेवला तेव्हा त्याची केवढी चर्चा झाली, ती यामुळेच.

आपल्याच ओठांवर आपला आवाज बसवणं इतकं अवघड, तर दुसरीच्या ओठांवर? श्रीदेवी दक्षिणेतून आली. मातीतली भाषा तमिळ-तेलुगू, हिंदीचे उच्चार तेव्हा बसलेले नव्हते. 'चांदनी'त (१९८९) ती स्वतःच्या आवाजात बोलली. तोवर ऐंशीच्या दशकातल्या तिच्या कितीतरी हिंदी चित्रपटांत आवाज दिला तो नाझनं. 'आखरी रास्ता'त (१९८६) रेखानं दिला. आता यात गंमत बघा. श्रीदेवी चार वर्षांची असल्यापासून कॅमेऱ्यासमोर, दक्षिणेत ती बेबी श्रीदेवी म्हणून वाढली. हिंदीतही 'ज्यूली'त (१९७५) नायिकेची धाकटी बहीण म्हणून दिसली होती. रेखा 'रंगुला रत्नम' या तेलुगू चित्रपटात बेबी भानुरेखा होती. आणि नाझ ही बेबी नाझ. डबिंगच्या त्या अंधाऱ्या खोलीत पडद्यावर एक मोठी झालेली बेबी आणि खाली माइकपाशी दुसरी. एकीला चेहऱ्यानं तारलं, दुसरीला गळ्यानं.

श्रीदेवीचा अभिनय भाबडेपणावर उभा होता. वयानं बाई आणि वागणं पोरीचं, ही तिची खासियत. अशा बाईला आवाज द्यायचा तर तो खोटं पोर होऊन बोलणाऱ्या बाईचा चालत नाही, लगेच वेंधळा वाटतो. आपण कधीतरी खरोखर पोर म्हणून माइकसमोर उभे होतो ही आठवण ज्या गळ्यात आहे त्यालाच ते जमावं. बेलूचा आवाज मोठा झाला होता, पण संपलेला नव्हता. मला वाटतं, ज्या वयाला नाझच्या चेहऱ्यातून प्रेक्षकांनी बाहेर पडू दिलं नाही, ते वय तिनं गळ्यात राखून ठेवलं आणि त्यावर कमाई केली. यात कुणाला करुण रस दिसेल. मला त्यात कसबी बाईचा धोरणीपणाही दिसतो.

डबिंगचं काम जवळून बघायचा योग मला पुढे आला, तो भाषांतराच्या निमित्तानं. अंधेरीतला एक स्टुडिओ, परदेशी कार्टून मालिका, आणि आठ वर्षांच्या एका वांड पोराला आवाज देणारी चाळिशीची बाई. लूप जाऊन आता सगळं संगणकावर आलंय, पण खोली तीच: जाड दार, भिंतींना फोम, आत शिरलं की कानात कापूस घातल्यासारखं. बाईंनी आत जाण्याआधी बांगड्या काढल्या, घड्याळ काढलं, पर्समधून सुती ओढणी काढून रेशमी ओढणीच्या जागी घेतली, कारण रेशीम सळसळतं आणि माइक ते सोडत नाही. कोमट पाण्याची बाटली आणि एक हिरवं सफरचंद कापून डबीत. तोंड चिकट झालं की जिभेचा चटचट आवाज येतो, आंबट सफरचंदाची फोड चावली की तो जातो. काचेपलीकडून रेकॉर्डिस्ट म्हणाला, "ताई, पोट बोलतंय. बिस्कीट खाऊन घ्या." बाई हसल्या, बिस्कीट खाल्लं, पाणी प्यायल्या आणि हेडफोन चढवला.

मग त्यांनी जे केलं ते मी अजून सांगते लोकांना. पोरगं झाडावरून पडतं असा प्रसंग होता. संवाद नव्हताच, नुसतं पडणं. बाईंनी एक पाय मागे घेतला, खांदे वर ओढले, हनुवटी छातीला टेकवली आणि छातीतून एक आवाज काढला: आधी दचका, मग पडताना सुटलेला लांब श्वास, मग आपटल्यावर घशातच अडकलेलं रडू, आणि शेवटी कुणी बघितलं तर नाही ना अशी चोरटी शांतता. शेवटची शांतताही त्यांनी आवाजानंच केली. नाकातून अगदी थोडा श्वास, बस्स. पडद्यावरच्या रेघांच्या पोराला एकदम हाडं आली. बाहेर आल्यावर चहा पिताना कळलं की लहानपणी त्यांनी दोन मालिकांत कामं केली होती. "मग उंची वाढली," एवढंच म्हणाल्या आणि रिक्षावाल्याला फोन लावला.

मालिका आली तेव्हा मी नावांची पट्टी मुद्दाम थांबून बघितली. मूळ निर्मात्यांपासून वाहिनीच्या पदाधिकाऱ्यांपर्यंत सगळ्यांची नावं होती, वेगानं पळणारी. आवाजांची नव्हती. माझंही नव्हतं, पण भाषांतरकाराला त्याची सवय असते.

आवाजाला नाव का नसावं, हा प्रश्न काही नवा नाही, आणि आपल्याच मुंबईत त्याचा अर्धा निकाल पूर्वीच लागलेला आहे. १९४२ साली, बेबी मुमताज 'बसंत'मध्ये दिसली त्याच वर्षी, मराठीत 'पहिली मंगळागौर' आला आणि त्यात एका मुलीनं छोटं काम केलं. वडील नुकतेच गेलेले, घर चालवायचं म्हणून तोंडाला रंग लावावा लागलेला. तिला तो अजिबात आवडला नाही. ती लता मंगेशकर. सात वर्षांनी 'महल'मध्ये ती बेबी मुमताज, आता मधुबाला झालेली, झोपाळ्यावर बसून ओठ हलवते आणि आवाज लताचा येतो. दोघी पूर्वाश्रमीच्या बालकलाकार, एकीचा चेहरा, एकीचा गळा. तबकडीवर गायिका म्हणून नाव छापलं होतं कामिनी, म्हणजे चित्रपटातल्या पात्राचं. रेडिओवर लोक विचारायला लागले की ही गाणारी कोण, आणि मग खरं नाव बाहेर आलं. पुढे पार्श्वगायकांसाठी फिल्मफेअरमध्ये वेगळं पारितोषिकच नव्हतं, त्यावरही लता भांडली. १९५९ मध्ये ते सुरू झालं आणि पहिलं तिलाच मिळालं, 'मधुमती'तल्या गाण्यासाठी.

म्हणजे गाणाऱ्या उसन्या आवाजाला नाव मिळालं, मान मिळाला, रॉयल्टीची भांडणं करण्याइतकी ताकद मिळाली. बोलणाऱ्या उसन्या आवाजाला काहीच नाही. का? गाणं रेडिओवर एकटं वाजतं, चेहरा सोडून घराघरांत जातं, आणि ऐकणाऱ्याला विचारावंसं वाटतं की कोण ही. संवाद चेहऱ्याला सोडून कुठे जात नाही. शिवाय एक लबाडीही आहे. मधुबाला स्वतः गात नाही हे मान्य करण्यात कुणाचा कमीपणा नाही. पण नायिका स्वतः बोलत नाही हे मान्य केलं तर तिच्या अभिनयातला अर्धा वाटा दुसरीला द्यावा लागतो. पारितोषिकाची बाहुली अर्धी कापता येत नाही, मग उरलेल्या अर्ध्या वाट्याबद्दल न बोलणंच सोयीचं.

केरळनं ही सोय मोडली. तिथे राज्य पुरस्कारांत डबिंगचा विभाग १९९१ पासून आहे, आणि पहिला मिळाला भाग्यलक्ष्मीला, जी स्वतः लहान वयातच लहान मुलांचे आवाज देत या धंद्यात आली. तरी तिथेही घोळ झालाच. 'मणिचित्रताळ'मधल्या (१९९३) शोभनाच्या भूमिकेच्या आवाजासाठी नाव झालं ते भाग्यलक्ष्मीचं. त्यातली नागवल्ली अंगात आल्यावर तमिळमध्ये जी बोलते तो आवाज दुर्गा या कलावतीचा होता, हे दिग्दर्शक फाजील यांनी सांगितलं २०१६ मध्ये. तेवीस वर्षांनी. शोभनाला त्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता आणि तो योग्यच होता. पण एका बाईच्या अंगात दुसरी येते ही गोष्ट सांगणाऱ्या चित्रपटात एका चेहऱ्यात आणखी दोघी बोलत होत्या, आणि त्यातली एक जवळपास पाव शतक कुणाच्या खिजगणतीतही नव्हती.

जपानकडे बघितलं की जीव जळतो. मासाको नोझावा ही १९३६ ची, तोकियोची. अगदी लहानपणी चित्रपटात काम केलं, मग नाटक, मग टेलिव्हिजन. जपानी टेलिव्हिजनच्या सुरुवातीला परदेशी मालिकांना आवाज देण्याचं काम थेट प्रक्षेपणात चाले. रात्री, चुकीला जागा न ठेवता. लहान मुलांना इतक्या उशिरापर्यंत थांबवता येत नसे आणि थेट प्रक्षेपणात त्यांच्यावर भिस्तही ठेवता येत नसे. मग कुणाच्या तरी डोक्यात आलं की मुलग्याचा आवाज तरुण बाईकडून का काढून घेऊ नये. नोझावा अशी मुलगे बोलू लागली ती आजतागायत. १९८६ पासून 'ड्रॅगन बॉल'मधला गोकू तिचा. गोकूच्या दोन्ही मुलांचे आवाजही तिचेच. बाप आणि मुलगे एकाच प्रसंगात बोलतात तेव्हा एकच आजी तिघांचं घर चालवत असते. २०२४ मध्ये त्याच मालिकेचा नवा अवतार आला तेव्हाही गोकू तीच, सत्त्याऐंशी पार केलेली. आणि तिथे शाळकरी पोरांना ती नावानं ठाऊक आहे. चेहरा लपलेला म्हणून बाई लपलेली नाही.

आपल्याकडे टीव्हीवरच्या कुठल्या आवाजाचं नाव आपल्याला ठाऊक असतं? 'जंगल बुक' दूरदर्शनवर रविवारी लागायचं तेव्हा शेरखानचा आवाज नाना पाटेकरांचा हे गल्लीतलं शेंबडं पोरही सांगायचं. बरोबरच आहे, नानांचा चेहरा सगळ्यांना माहीत होता. चेहऱ्याची पुण्याई आवाजाला मिळाली. उलटं होत नाही. डोरेमॉनला वर्षानुवर्षं हिंदी आवाज दिला सोनल कौशलनं, आणि काम सुरू केलं तेव्हा ती स्वतः शाळकरी होती. निन्जा हातोडी हिंदीत बोलला तो मेघना एरंडेच्या गळ्यातून, आपल्या मराठी मुलीच्या. ठाणे-डोंबिवलीपासून नागपूरपर्यंत मराठी घरांतली एक अख्खी पिढी जेवणाच्या ताटासमोर यांच्या आवाजात हिंदी शिकली. शाळेतल्या हिंदीच्या बाईंचं नाव त्या मुलांना आठवतं. या बायांची नावं आता कुठे, मोबाइलवरच्या मुलाखतींमुळे, थोडीफार कळायला लागली आहेत. नाझच्या वेळी तेही नव्हतं. ती १९९५ मध्ये गेली, पन्नाशी जेमतेम ओलांडून.

२०१८ मध्ये श्रीदेवी गेली. दोन-तीन दिवस सगळ्या वाहिन्यांवर तिच्या चित्रपटांचे तुकडे एकामागून एक लागत होते आणि मीही इतरांसारखी टीव्हीपुढून उठले नाही. त्या चेहऱ्यावर माझं प्रेम होतं, आहे. पण ऐंशीच्या दशकातला तुकडा लागला की डोळे मिटून ऐकायची मला सवय झाली आहे. मिटलेल्या डोळ्यांना श्रीदेवी दिसत नाही, पण आवाज ओळखीचा असतो, पार १९५४ पर्यंत मागे जाणारा. देश एकीला निरोप देत होता आणि बोलत होती ती दुसरी, जिला जाऊन तेव्हा बावीस-तेवीस वर्षं झाली होती. तिचं नाव मी ऐकत बसले तेवढ्या वेळात एकाही निवेदकाच्या तोंडी आलं नाही.

फिल्मफेअरमध्ये बोलणाऱ्या उसन्या आवाजासाठी अजूनही विभाग नाही. तो होईल तेव्हा होईल. पण हे जुने चित्रपट वाहिन्यांवर रोज लागतात, आणि पडद्याच्या खालच्या कडेला डोकेदुखीच्या गोळ्यांपासून रात्रीच्या मालिकेपर्यंत सगळ्याच्या पट्ट्या पळत असतात. त्यातच सुरुवातीला एकदा, ज्यांचा आवाज आहे त्यांचं नाव टाकावं. वाहिनीवाल्यांना जागेची अडचण असेल तर निदान नाझपासून सुरुवात करा. दोनच अक्षरं आहेत.